‘जेवून घे’वर नाचणारे लोक

मागच्या वर्षी कुवेतमधल्या आमच्या मंडळाच्या गणपतीत, आरती झाल्यावर आणि पंगत बसायच्या आधी, मुलांचा नाच झाला. गाणं परदेशी होतं. मुलांनी हॉलमधल्या खुर्च्या भिंतीला लावल्या आणि उड्या मारत एका सुरात ओरडायला लागली, "जेवोंगे! जेवोंगे! जेवोंगे!"

माझ्या शेजारी सुनीता काकू उभ्या होत्या. मंडळाचा शनिवारचा मराठी वर्ग त्या चालवतात आणि हा अंकही त्याच काढतात. त्यांनी कानांवर हात ठेवले.

"काय गं ही इंग्रजी गाणी! एक शब्द कळेल तर शपथ."

"इट्स स्पॅनिश, आजी," त्यांचा नातू उडी मारता मारता म्हणाला.

मसालेभाताच्या पातेल्यापाशी माझी आई होती. तिथून तिचा आवाज आला. माझ्या आईला माइक लागत नाही.

"कोण ती बाई किंचाळतेय मघापासून? बंद करा रे ते! पानं मांडलीत, जेवून घ्या आधी!"

मुलं नाचत राहिली. गाणं म्हणत होतं जेवून घे, आई म्हणत होती जेवून घ्या, आणि एकही जण जेवायला येत नव्हता.

ती किंचाळणारी बाई म्हणजे आईच होती. आणि ते गाणं मी केलेलं होतं. त्या हॉलमध्ये या दोन्ही गोष्टी फक्त मला माहीत होत्या. मी पेले पुसत राहिले.

मी फार बोलत नाही. शाळा इथलीच, इंग्रजी माध्यमाची. लहानपणी आई मराठीत विचारायची आणि मी इंग्रजीत उत्तर द्यायचे, तेही शक्यतो एका शब्दात. मराठी वाचायला-लिहायला शिकले ती सुनीता काकूंच्या वर्गात, बटाटेवडे मिळतात म्हणून जात होते तेव्हा. त्या आम्हाला विभक्तीचे प्रत्यय कवायतीसारखे म्हणायला लावायच्या. त्यातली षष्ठी माझ्या डोक्यात पक्की बसली, चा, ची, चे. कारण कुवेतमधल्या मराठी लोकांत मला माझ्या नावाने कुणी ओळखतच नव्हतं. मी देशमुखांची होते, चौथ्या मजल्यावरची होते, ती न बोलणारी होते. कागदोपत्री माझं नाव वेगळं आहे. घरात आणि मंडळात मी मनू.

आता माझ्या कामाबद्दल. योरिस हा डच डीजे आहे. हे त्याचं खरं नाव नाही, खरं तुमच्या मुलांना माहीत आहे. पोस्टरवर तो धुरातून बाहेर येताना दिसतो आणि त्याच्या मागे प्रकाश असतो. उन्हाळाभर युरोपातल्या मोकळ्या मैदानांवर तो हजारो लोकांसमोर एक हात हेडफोनवर ठेवतो आणि दुसरा वर करतो. या दुसऱ्या हाताला फार महत्त्व आहे. तो कधी वर करायचा हे ज्याला कळतं तो मोठा डीजे. ही थट्टा नाही. समोरची गर्दी केव्हा कंटाळेल हे योरिसला तिच्याआधी कळतं, आणि ते मला या जन्मात जमणार नाही. मी चार माणसांसमोर आभारप्रदर्शन करू शकत नाही.

फक्त तो जी गाणी वाजवतो ती तो बनवत नाही. ती मी बनवते.

या धंद्यात हे सर्रास चालतं. डीजेला दौऱ्यांमुळे वेळ नसतो, म्हणून तो गाणं कुणाकडून तरी करून घेतो आणि त्यावर स्वतःचं नाव लावतो. करून देणाऱ्याला इंग्रजीत घोस्ट प्रोड्यूसर म्हणतात. हा शब्द मी घरी पहिल्यांदा उच्चारला तेव्हा बाबा पेपर बाजूला ठेवून म्हणाले, "घोस्ट? म्हणजे भूत? मग बायोडेटात काय लिहायचं?"

"साउंड लिहा," मी म्हटलं.

आईचा प्रश्न वेगळा होता. "सिनेमाच्या शेवटी नावं येतात तसं तुझं नाव कुठे येतं?"

"येत नाही."

"कुठेच नाही?"

"तसा करार आहे. माझं नाव कोणत्याही गाण्यावर, कोणत्याही स्वरूपात येणार नाही. आणि कोणतं गाणं माझं, हे मी सांगायचं नाही."

"मग त्यात तुझं म्हणून काय राहतं गं?"

मी उठून खोलीत गेले. अवघड प्रश्न आला की मी खोलीत जाते. माझं ऑफिसही तिथेच असल्यामुळे ते कामाला गेल्यासारखं दिसतं. पण प्रश्न माझ्या मागे आत आला आणि तिथेच राहिला. योरिसचं नवीन गाणं बाहेर पडलं की मी पडद्यावर त्याची सगळी माहिती उघडून खालपर्यंत वाचायचे. कव्हरचा फोटो काढणाऱ्याचं नाव असायचं. मेकअप करणारीचंसुद्धा असायचं.

ऑफिस म्हणजे हवल्लीतल्या आमच्या फ्लॅटमधली मागची खोली. तिथे एक टेबल, दोन स्पीकर आणि आईचं साड्यांचं कपाट आहे. आवाज रेकॉर्ड करताना तो भिंतींवर आपटून परत यायला नको, त्यासाठी स्टुडिओत महागडा फोम लावतात. मी कपाटाची दारं उघडते आणि माइक दोन पैठण्यांच्या मधे धरते. एका परदेशी समीक्षकाने योरिसच्या गाण्यांमधल्या "उबदार, उत्तर समुद्री पोताचं" कौतुक केलं होतं. तो पोत येवल्याचा आहे.

गाणं कसं बनतं हे मला कुणाला नीट सांगता येत नसे. ते बाबांनी सांगितलं. बाबा मीना अब्दुल्लाच्या बाजूला रिफायनरीत प्रोसेस इंजिनिअर आहेत, मूळचे नाशिककडचे. एकदा माझ्या मागे उभं राहून त्यांनी एक गाणं पूर्ण ऐकलं. आधी संथ ठोका, मग हळूहळू आवाज चढत जातो, ठोके जवळजवळ येतात, जीव घुसमटतो, मग क्षणभर सगळं गप्प आणि मग एकदम धडाका. त्या धडाक्याला ड्रॉप म्हणतात. लोक त्यासाठीच तिकीट काढतात.

"म्हणजे प्रेशर चढू द्यायचं," बाबा म्हणाले, "आणि भांडं फुटायच्या आत रिलीफ व्हॉल्व्ह उघडायचा. आमच्याकडे असं मुद्दाम केलं तर नोकरी जाते."

गिऱ्हाइकं चमत्कारिक असतात. योरिसच्या आधी माझ्याकडे एक जर्मन डीजे होता. त्याने मी पाठवलेलं गाणं ऐकून कळवलं, "छान आहे, पण हे मंगळवारसारखं वाटतं. शुक्रवारसारखं कर." मी विचार करत बसले. आमच्याकडे शुक्रवार म्हणजे सुट्टी. रस्ते रिकामे, बाबा दुपारपर्यंत झोपलेले, घरात पोह्यांचा वास, दूर कुठेतरी एसीची घरघर. मी ठोका कमी केला, अर्धी वाद्यं काढली आणि गाणं पाठवलं. त्याचा काही दिवस निरोपच आला नाही. मग आला: "हा कुठला शुक्रवार?" मी खुलासा केला नाही. खुलासे करायचे नसतात म्हणून तर मी हे काम घेतलं होतं.

मंडळातही माझ्याकडे कामं यायची. बारसं, मुंज, पहिला वाढदिवस. "मनू डीजे करते ना, तिला सांगा." मी लॅपटॉप घेऊन जायचे आणि यजमान माझ्या मागे बघायचे. "बाकीचं कुठंय? लायटिंग? ते धुराचं?" मग कुणीतरी समजूत घालायचं, "राहू दे, पोर लाजते जरा." लाजण्याचा आणि धुराचा संबंध मला अजून कळलेला नाही.

तर ते गाणं.

योरिसला आवाज हवा होता. त्याने फोनवर सांगितलं, आणि त्याचं बोलणं मी इथे मराठीत देते आहे. मराठीत तो जरा शहाणा वाटतो, त्याला माझा इलाज नाही.

"मला बाईचा आवाज पाठव," तो म्हणाला. "तिकडचा. खरा. ज्यात तहान आहे, भूक आहे, वाळवंट आहे."

मी पैठण्यांच्या मधे माइक धरून टाळ्या रेकॉर्ड करत होते. दार नीट लागलं नव्हतं. जेवणाची वेळ टळून गेली होती आणि स्वयंपाकघरातून आईची शेवटची हाक आली, शेवटची म्हणजे ज्यात प्रेम संपून फक्त व्यंजनं उरतात तशी: "अगं, जेवून घे ना! निवतंय सगळं!"

ते टाळ्यांवर बरोब्बर ठोक्यात पडलं होतं. मी "जेवून घे" तेवढं कापलं, जरा वरच्या पट्टीत नेलं, तोडून तोडून परत जोडलं आणि पाठवलं. खरं सांगायचं तर हा वापरायचा आवाज नव्हता, नमुना होता. योरिसचा उलट फोन आला तेव्हा तो रडत होता, किंवा त्याला सर्दी झाली होती.

"भूक आहे यात," तो म्हणाला.

"हो," मी म्हटलं. हे मात्र खरं होतं.

"याचा अर्थ काय?"

मी सांगायला तोंड उघडलं.

"नको. नको सांगूस. अर्थ कळला की जादू जाते."

त्या उन्हाळ्यात मी खोलीत बसून पडद्यावर पाहिलं. एका ओल्या हिरव्या मैदानावर, नजर पोचेल तिथपर्यंत डोकीच डोकी, आणि ती सगळी माझ्या आईच्या हाकेवर उड्या मारत होती. बऱ्याच जणांनी दुपारपासून काही खाल्लेलं दिसत नव्हतं. मुलाखतीत योरिस सांगत होता की कुवेतच्या वाळवंटात, पहाटे, एका तंबूबाहेर त्याला एक वृद्ध स्त्री भेटली. तिने त्याच्या कपाळाला हात लावला आणि हे प्राचीन आवाहन गायलं. तो तेव्हापर्यंत कुवेतला एकदाही आलेला नव्हता. आईला साठ पूर्ण व्हायची होती आणि तंबूत ती कधीच राहिलेली नाही, कारण तिला वाळूची ॲलर्जी आहे.

मी मुलाखत बंद केली आणि गाण्याची माहिती सवयीने खालपर्यंत वाचली. ध्वनी, प्रकाश, केस, कपडे. मी नव्हते. आता आईही नव्हती. माझं नाव नसण्याची मला सवय होती. तिचं नसण्याची नव्हती.

मागच्या हिवाळ्यात योरिस कुवेतला आला. एका मोठ्या सभागृहात त्याचा कार्यक्रम ठरला होता. प्रेक्षकांनी खुर्चीत बसून ऐकायचं, उभं राहून नाचायचं नाही, अशी त्या कार्यक्रमाची अट होती. आयोजकांनी जाहिरातीत लिहिलं होतं की वाळवंटातली ती स्त्री स्वतः मंचावर येणार आहे. योरिसला हे विमानातून उतरल्यावर कळलं. त्याने बनेद अल-गारच्या हॉटेलातून मला फोन केला.

"भेटायलाच हवं. फोनवर बोलण्यासारखं नाही."

मी म्हटलं, लॉबीत येते. आई शेजारी कोथिंबीर निवडत होती.

"कोण? तुझे ते डच साहेब? इथे आलेत? आणि हॉटेलात जेवणार? घरी बोलाव."

"आई, कामाचं आहे."

"मग काय उपाशीपोटी काम करणारेत?"

अशा रीतीने, ज्या माणसासाठी मी इतकी गाणी केली त्याला मी प्रथम पाहिलं ते आमच्या दारात बूट काढताना. तो पोस्टरपेक्षा लहानखुरा होता. त्याच्या सॉक्सला अंगठ्याशी भोक होतं.

आईने भरली वांगी केली होती. बाबांनी सुट्टी घेतली होती आणि इस्त्रीचा शर्ट घातला होता. पाहुण्याला विचारायचा पहिला प्रश्न त्यांनी विचारला.

"वडील काय करतात?"

"कांदे पिकवतात," योरिस म्हणाला. मुलाखतींमध्ये त्याचे वडील मच्छीमार असतात.

बाबांनी हातातला घास ताटात ठेवला. "कांदे! लाल की पिवळा? साठवणीचा? चाळीत किती टिकतो?"

योरिस आधी बिचकला, मग बोलायला लागला, आणि थांबेचना. कांदा वाळवायला वारा कसा द्यायचा, मान जाड राहिली तर कसा सडतो, कोंब कधी फुटतो. मी त्याच्या असंख्य मुलाखती ऐकल्या आहेत. इतका खरा तो कधी वाटला नव्हता. बाबा दर वाक्याला "करेक्ट" म्हणत होते आणि माझ्याकडे असं बघत होते, जणू इतके दिवस मी त्यांच्यापासून एक सज्जन माणूस लपवून ठेवला होता.

मग योरिस माझ्याकडे वळला आणि आवाज खाली आणून कामाचं बोलला. दोन गोष्टी होत्या. गाणं काढणाऱ्या कंपनीचे वकील विचारत होते की आवाज कुणाचा आहे. त्या बाईची लेखी संमती आणि गाण्यावर छापायला नाव मिळालं नाही, तर गाणं सगळीकडून उतरवायचं. आणि कार्यक्रमाला मंचावर कुणीतरी हवं होतं.

"तुझ्या ओळखीची असेल ना ती गायिका? तिला आण. ती नसेल तर दुसरी कुणी म्हातारी आण. उभी राहिली तरी पुरे. सही तीच करेल, नावही तिचंच लावू. कुणाला कळणार आहे?"

मी ताटाकडे पाहत राहिले. माझं गाणं मी देऊन टाकलं होतं, तो माझा सौदा होता. हा आवाज देऊन टाकायचा मला अधिकार नव्हता. हे मला इंग्रजीत चांगल्या चार वाक्यांत सांगता आलं असतं. त्यांतलं एकही तोंडातून बाहेर आलं नाही.

आई गरम पोळी घेऊन स्वयंपाकघराच्या दारात आली. माझं ताट तसंच्या तसं होतं.

"अगं, जेवून घे ना! निवतंय सगळं!"

योरिसचा पोळीचा तुकडा धरलेला हात अर्ध्यावर थांबला. त्याने आईकडे पाहिलं. मग माझ्याकडे. मग परत आईकडे. गाणी तो बनवत नसेल, पण कान त्याचेच आहेत, हे मला मान्य करायला हवं.

"अगेन," तो आईला म्हणाला. "प्लीज."

"काय म्हणतोय?" आईने मला विचारलं. तिला इंग्रजी उत्तम येतं. इथल्या एका बँकेत तिने निवृत्त होईपर्यंत नोकरी केली आहे. पण जेवताना ती इंग्रजी वापरत नाही.

"परत म्हण म्हणतोय."

"काय परत म्हणू?"

"जेवून घे."

"मग मी काय म्हणतेय केव्हाची!"

योरिसने बोटांनी टेबलावर ठेका धरला आणि ते शब्द गाण्याच्या चालीत म्हटले. जेवोंगे, जेवोंगे. आईच्या कपाळावर आठी आली.

"हे ते गणपतीतलं. ती किंचाळणारी."

मी खोलीतून लॅपटॉप आणला आणि मूळ रेकॉर्डिंग लावलं, न कापलेलं. एसीची घरघर, माझ्या टाळ्या, दाराची करकर, आणि मग आई. निवतंय सगळं, इथपर्यंत.

आई उभी राहून ऐकत होती. तिच्या हातातली पोळी वाकली होती. मला वाटलं तिच्या डोळ्यांत पाणी येईल, आणि आलं तर मी काय करायचं हे मला माहीत नव्हतं.

"म्हणजे," ती सावकाश म्हणाली, "मी इकडे पान वाढून हाका मारतेय, आणि तू ते टेप करत बसली होतीस."

"हो."

"आणि जेवायला आलीस केव्हा?"

"नाही आले."

"मग काय खाल्लंस?"

"खालच्या बकाल्याच्या दुकानातून खुबूसची रोटी आणली नंतर."

"खुबूस!" आई योरिसकडे वळली आणि बँकेतलं इंग्रजी बाहेर आलं. "त्या दिवशी ती जेवली नाही," तिने त्याला सांगितलं. "तुमच्या गाण्यामुळे."

"आय ॲम सॉरी, मॅडम," योरिस म्हणाला. आणि मुकाट्याने पोळी संपवली.

मग तो भानावर आला आणि त्याला आनंद आवरेना. आई संमतीच्या कागदावर सही करेल, मंचावर येईल, काळा झगा घालेल, धूर सोडू, तो तिच्यासमोर गुडघे टेकेल. आईने तारीख विचारली.

"त्या दिवशी अंजूकडे हळदीकुंकू आहे. मला जमायचं नाही."

"पण मॅडम, हजारो लोक..."

"तिने महिन्यापूर्वी बोलावलंय. संमतीचा कागद द्या इकडे."

आईने चष्मा लावला आणि योरिस श्रीखंड खात असेपर्यंत सगळी पानं वाचून काढली. मधेच तिने मराठीत विचारलं, "यात तुझं नाव कुठंय?"

"माझं नाव येऊ शकत नाही, आई. करार आहे. कोणत्याही स्वरूपात."

"तू सही केलीस?"

"केली."

"आम्हाला न विचारता."

"हो."

पेन उघडून तिने सही केली, बताक्यावर, म्हणजे इथल्या ओळखपत्रावर, जसं पूर्ण नाव आहे तशी, माहेरच्या वळणाच्या स्वच्छ अक्षरात. योरिसने कागद घेतला आणि विचारलं की गाण्यावर काय छापायचं. गायकांना हवं ते नाव घेता येतं. खरंच असायला हवं असं नाही.

आईने चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं.

"मनूचीआई," ती म्हणाली. "एकच शब्द लिहा. मला इथे सगळे याच नावाने ओळखतात."

हे खरंच होतं. इमारतीत, मंडळात, भाजीवाल्याच्या फोनमध्येही ती मनूची आईच आहे.

योरिसने एकेक अक्षर विचारून लिहून घेतलं आणि दोनदा मोठ्याने म्हणून पाहिलं. "सुंदर आहे. प्राचीन आहे का?"

"व्हेरी ओल्ड," बाबा म्हणाले.

मला कळायला जरा वेळ लागला. कळलं तेव्हा आई भात गरम करायला आत गेली होती आणि नळ मोठा सोडून भांडी घासत होती, म्हणजे तिला कुणी काही विचारू नये.

कार्यक्रमाला मी आणि बाबा गेलो. बाबांनी रिफायनरीतले इअरप्लग नेले होते, माझ्यासाठीही. समोर रांगांमध्ये कुटुंबं बसली होती, थर्मासमधला चहा ओतला जात होता, आणि योरिस मंचावरून हात वर करत होता तरी कुणी उठत नव्हतं. त्याचा चेहरा हळूहळू पडत गेला. मग त्याने खाली पाहिलं असावं. खुर्च्यांखाली सगळे पाय नाचत होते. त्याने हात खाली घेतला, ठोका जरा उतरवला, आणि सभागृह गुडघ्यांवर टाळ्या द्यायला लागलं. तेव्हा मला तो आवडला.

गाण्याच्या आधी त्याने माफी मागितली. वाळवंटातली ती स्त्री येऊ शकली नव्हती. तिला आज दुसऱ्या एका स्त्रीच्या घरी जायचं होतं, जिथे बायका एकमेकींच्या कपाळाला हळद आणि कुंकू लावतात. लोकांनी श्वास रोखून ऐकलं. तिच्याबद्दल त्याने सांगितलेली ही पहिली खरी गोष्ट, आणि आतापर्यंतच्या सगळ्यांत हीच बनवलेली वाटत होती.

मग पडद्यावर मोठ्या अक्षरांत नाव आलं. ठोके जवळ येत गेले. बाबा इअरप्लग काढून माझ्या कानाशी म्हणाले, "आता उघडेल बघ व्हॉल्व्ह." मी बघत होते त्या नावाची पहिली दोन अक्षरं. करार मी नंतर घरी जाऊन पुन्हा वाचला. त्यात स्वरूपांबद्दल बरंच काही आहे. विभक्तीबद्दल काही नाही.

या वर्षीच्या गणपतीत मुलांनी परत तेच गाणं लावलं. सुनीता काकूंनी परत कानांवर हात ठेवले आणि नातवाला विचारलं, "अरे, म्हणतं तरी कोण हे?"

त्याने फोन त्यांच्यासमोर धरला. "मॅन्युचिआय. शी इज जॅपनीज, आजी."

काकूंनी चष्मा वर सरकवला आणि इंग्रजी अक्षरं ओठ हलवत लावायला घेतली, आम्हाला जोडाक्षरं लावायला शिकवायच्या तशी. मनू. मग थांबल्या. ची. मग हॉलच्या पलीकडे, मसालेभाताच्या पातेल्याकडे पाहिलं. मग गाणं ऐकलं, या वेळी कानांवरचे हात काढून. मग माझ्याकडे पाहिलं. मी पेले पुसायचं थांबवलं.

"षष्ठी," त्या म्हणाल्या.

"हो, काकू."

"केव्हापासून?"

"हिवाळ्यापासून."

काकूंना रागवायचं होतं, हसायचं होतं आणि नातवाला सांगायचं होतं, पण तो दूर उड्या मारत होता.

"लेख दे अंकाला," शेवटी त्या म्हणाल्या. "तुझं नाव प्रथमेत छापते."

करार आहे, असं मी म्हणणार होते. मग वाटलं, योरिसच्या ओळखीत मराठी वाचणारं दुसरं कोण आहे? तोंड उघडणार तेवढ्यात पातेल्याकडून हाक आली, आणि त्याच क्षणी स्पीकरमधूनही. दोन्ही एका ठोक्यात. मुलं नाचत राहिली.

मी पेला ठेवला आणि पहिल्या पंगतीत जाऊन बसले.